बु॥ आणि खु॥

गावांच्या नावांवर मी बोलायला लागले की एक प्रश्न हमखास येतो: गावाच्या नावापुढे बुद्रुक नाहीतर खुर्द का लावतात? पुण्यात नव्याने राहायला आलेली माणसं तर विचारतातच. सिंहगड रस्त्याला वडगाव बुद्रुक आणि वडगाव खुर्द, कात्रजच्या बाजूला आंबेगाव बुद्रुक आणि आंबेगाव खुर्द, कोंढव्याचीही तशीच जोडी. तुम्ही विचारलंत म्हणून जरा सविस्तर सांगते.

दोन्ही शब्द फारसी. बुजुर्ग म्हणजे मोठा, थोर. मराठी तोंडात घोळून त्याचं बुद्रुक झालं. खुर्द म्हणजे लहान. नोट मोडून आपण खुर्दा घेतो, तो ह्याच घरातला. उत्तरेत बुद्रुकच्या जागी कलां म्हणतात, खुर्द मात्र तिथेही खुर्दच.

मुळात आपल्याकडे गावांना झाडांची नावं फार. वडगाव, पिंपळगाव, चिंचवली, बोरगाव, उंबरगाव. राज्यात 40 हजारांहून जास्त गावं आहेत, तेव्हा नावं पुन्हा पुन्हा येणारच. कुठे शेपटाला मुलखाचं नाव लागलं, जसं वडगाव मावळ. बागलाणात तळवाडे दिगर आहे. दिगर म्हणजे दुसरं. पण शेजारीशेजारी एकाच नावाची दोन गावं असली की काय करायचं? बऱ्याचदा एकाच गावाची दोन झालेली असत. भाऊबंदकी वाढली, जमीन पुरेना, काही घरं ओढ्यापलीकडे जाऊन वसली. नाव त्यांनी सोडलं नाही; आपल्या गावाचं नाव कोण सोडतो? पुढे त्या वस्तीची शीव वेगळी झाली, पाटील वेगळा झाला. शेतसारा गावाच्या नावाने बसायचा, म्हणून दप्तरात दोन्ही गावं वेगळी ओळखू येणं भाग होतं. दख्खनच्या सुलतानांचा कारभार फारसी वळणाचा, म्हणून शब्दही फारसीच लागले. लिहिणाऱ्याने हात आखडता घेतला आणि बु॥, खु॥ एवढंच लिहिलं. अक्षरापुढच्या ह्या दोन उभ्या रेघा म्हणजे शब्द तोडून लिहिल्याची खूण. मौजे वडगाव बु॥. जुन्या कागदांत ह्या रेघा दिसल्या की मला फार बरं वाटतं.

शिवाजी महाराजांनी फारसी शब्दांना संस्कृत पर्याय देणारा राज्यव्यवहारकोश करून घेतला. पेशवा पंतप्रधान झाला, मुजुमदार अमात्य, सुरनीस सचिव, डबीर सुमंत. बुद्रुक आणि खुर्द मात्र होते तिथेच राहिले. पदं दरबारात बदलतात, गावाचं नाव रोज शेकडो तोंडांत असतं. तोवर हे शब्द इतके आपले झाले होते की ते बाहेरून आले हे गावात कुणाच्या मनातही नसणार.

खुर्दची माणसं कधीकधी शेपूट गाळतात. लग्नपत्रिकेवर नुसतं आंबेगाव छापतात. त्यांना मी कळकळीने सांगते, त्यात कमीपणा काही नाही. ती गावाची पायरी नव्हे, नाव पडलं तेव्हाची नोंद आहे. त्यानंतर कितीतरी खुर्द गावं वाढली आणि बुद्रुक मागे राहिली.

शेपूट गाळू नये ह्याचं दुसरं कारण जास्त महत्त्वाचं. आपली आडनावं गावावरून पडतात, पण शेपूट सोडून. बुद्रुकचा माणूसही वडगावकर, खुर्दचाही वडगावकर. दोन-तीन पिढ्यांमागे मुंबईला गेलेल्या घरातली मुलं आज मूळ गाव शोधायला निघतात, कुणाला कुलदैवत हवं असतं, कुणाला वडिलोपार्जित जमिनीचा कागद. हाताशी असतं फक्त आडनाव आणि "आमचं गाव पिंपळगाव". पण पिंपळगावं किती! पिंपळगाव बसवंत एक, बाकी कितीतरी. अशा वेळी एखाद्या मळक्या कागदावरचं खु॥ सगळा शोध एका शिवेपर्यंत आणून ठेवतं. ते कुणी गाळलं असेल तर माणूस दोन्हीकडच्या तलाठ्यांचे उंबरे झिजवतो.

आता इंग्रजी पाट्यांमुळे मुलं 'आंबेगाव बीके' आणि 'केएच' म्हणायला लागली आहेत. मला ते टोचतं. बीके म्हणजे काय हे विचारलं तर त्यांना सांगता येत नाही, आणि विचारावं असंही त्यांना वाटत नाही. बिल्डरांच्या जाहिरातींत तर तेही गळून नुसता परिसराचा उल्लेख उरतो. निदान आपण बोलताना बुद्रुक, खुर्द असं पूर्ण म्हणावं.

आणि मूळ गाव शोधत असाल तर आधी आजोबांचा शाळा सोडल्याचा दाखला काढा. जन्मठिकाणाच्या रकान्यात गावाच्या नावानंतर एखादं अक्षर आहे का ते बघा. नसेल तर जुना सातबारा किंवा फेरफार मिळवा. तिथे मौजेच्या पुढे गावाचं नाव बहुधा पूर्ण असतं, आणि खाली तालुकाही.