धुऱ्यावरची मोजणी

७ डिसेंबर, रात्री

आज सकाळी पटवारी आणि भूकरमापक वावरात आले. कपाशीची दुसरी वेचणी अर्धी राहिली होती, तरी मजुरांना थांबवून आत्या, काका आणि आमच्या घरातर्फे मी असे आम्ही तिन्ही पक्षकार धुऱ्यावर, म्हणजे बांधावर, उभे राहिलो. आजोबांच्या जमिनीच्या वाटणीसाठी आत्याने २०१३ मध्ये दाखल केलेल्या दाव्यातली माणसे प्रत्यक्ष वावरात एकत्र येण्याची ही पहिलीच वेळ होती.

आजोबा १९९८ मध्ये गेले, आजी २०११ मध्ये. सातबाऱ्यावर ४ हेक्टर ८० आर, म्हणजे जवळपास बारा एकर काळी जमीन आणि एक विहीर. आत्याचे लग्न १९८१ चे असल्याने हिंदू वारसा कायद्यातल्या १९९४ च्या महाराष्ट्राच्या दुरुस्तीचा तिला उपयोग नव्हता, आणि आजोबा २००५ च्या केंद्रीय दुरुस्तीपूर्वीच वारले असल्याने तिला मुलाइतका हिस्सा मिळणार नाही, असे आमच्या वकिलांचे म्हणणे होते. २०१५ मध्ये हेच सांगणारा सर्वोच्च न्यायालयाचा प्रकाश विरुद्ध फुलवती हा निकाल आला तेव्हा त्यांनी बाबांना मुद्दाम बोलावून घेतले. त्या हिशेबाने आजोबांच्या आणि पुढे आजीच्या वाट्यातून मिळून आत्याकडे एक षष्ठांश, म्हणजे ८० आर जात होते. बाबा त्या दिवशी पेढे घेऊन घरी आले, आणि मीही ते खाल्ले, हे इथे लिहून ठेवतो.

बाबा २०१७ मध्ये गेले. आत्या तेरवीला आली, कोपऱ्यात बसून रडली, आणि नव्वद दिवसांची मुदत संपण्याआधी तिनेच अर्ज देऊन मयत प्रतिवादीचे वारस म्हणून आईचे आणि माझे नाव दाव्यात आणले. तेव्हा मला त्याचा फार राग आला होता. तसा अर्ज न दिल्यास मृताविरुद्धचा दावा आपोआप संपुष्टात येतो, हे मला बरेच नंतर समजले.

११ ऑगस्ट २०२० रोजी सर्वोच्च न्यायालयाने विनीता शर्मा विरुद्ध राकेश शर्मा या प्रकरणात मुलीचा हक्क जन्मापासूनचा असून त्यासाठी २००५ मध्ये वडील हयात असण्याची गरज नाही, असे ठरवले. आत्याचे ८० आर एका निकालाने १ हेक्टर ६० आर झाले. भावाभावांत पूर्वीच तोंडी वाटणी झाली होती, हा आमचा दुसरा बचावही टिकला नाही, कारण सातबारा शेवटपर्यंत सामाईकच होता, खातेफोड, म्हणजे ज्याच्या त्याच्या नावे वेगळे खाते, कधी झालीच नव्हती. २०२२ मध्ये प्राथमिक हुकूमनामा झाला. गावात अनेकांना वाटते की हुकूमनामा झाला म्हणजे वाटणी झाली. पण सारा भरणाऱ्या जमिनीचे हिस्से दिवाणी न्यायालय फक्त ठरवते, ते जमिनीवर पाडण्याचे काम दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम ५४ प्रमाणे जिल्हाधिकाऱ्यांकडे जाते. आम्ही सगळ्यांनी संमती दिली असती, तर जमीन महसूल संहितेच्या कलम ८५ खाली हेच काम तहसीलदारांकडे झाले असते. पण आमच्याकडे बहिणीची चोळीबांगडीवर बोळवण करून हक्कसोड घेण्याचीच रीत, आणि संमती म्हणजे तिची सही एवढाच अर्थ आम्हाला ठाऊक होता.

जमीन दुपारपर्यंत मोजून झाली आणि तिन्ही हिश्श्यांना दगड लागले. विहीर मात्र काकांच्या हिश्श्यात पडली. हुकूमनाम्यात ती ‘सामाईक’ असा एकच शब्द आहे. मोटारीची वीजजोडणी अजून बाबांच्या नावावर, आणि वीज काही दिवस दिवसा तर काही दिवस रात्री.

आत्याने मला विचारले, “रातीची पाळी कोनाची रे बाबू?”

मला उत्तर सुचेना. एवढ्या वर्षांत आत्याशी एक शब्दही न बोललेले काका पाठमोरेच म्हणाले, “रातीची माही लिहा.”

हुकूमनाम्यात पाळीचा उल्लेख नाही, असे सांगून पटवाऱ्याने ते लिहून घेतले नाही.