आरशातले ऊन

क्योतोच्या उत्तरेला कितायामाच्या डोंगरात सुगी (जपानी देवदार) वृक्षांची छाटणी करणाऱ्या एका वृद्ध कामगारावर आम्ही माहितीपट करीत होतो. ऑक्टोबरातल्या त्या सकाळी भाड्याने आणलेले दोन्ही दिवे लागेनात, आणि रानात जनरेटर नेण्याची परवानगी नव्हती. कोयत्याला धार लावणाऱ्या त्या माणसाचा चेहरा अंधारात बुडाला होता. चंदेरी रिफ्लेक्टरचा उजेड तिथवर पोहोचेपर्यंत विरून जाई. मी सहायक कॅमेरामन; दिवस वाया गेला, असेच धरून बसलो होतो. तेवढ्यात प्रकाशयोजना पाहणाऱ्या वयस्कर गृहस्थांनी गाडीतून दोन मोठे आरसे काढले आणि म्हणाले, ‘‘मियागावांनी केले तसे करू या.’’

छायालेखक काझुओ मियागावा यांनी १९५० साली दिग्दर्शक कुरोसावांच्या ‘राशोमोन’ या चित्रपटासाठी नाराच्या रानात आणि क्योतोबाहेरच्या कोम्योजी मंदिराच्या झाडीत याच रीतीने ऊन आत आणले होते, हे मी वाचले होते. त्यातले कष्ट मात्र आरसा हातात आल्यावर कळले.

पहिला आरसा मोकळ्या जागेत उभा केला, दुसरा मी उतारावर धरला. आरसा एक अंश कलला की किरण दोन अंश सरकतो. शिवाय सूर्य चार मिनिटांत एक अंश पुढे जातो, म्हणून वीस मीटरवरचा कवडसा तेवढ्या वेळात सुमारे पस्तीस सेंटिमीटर ढळतो, म्हणजे कपाळावरचा उजेड खांद्यावर उतरलेला असतो. त्यात श्वासागणिक काच हलत होती. सरळ ऊन चेहरा भाजून काढील, म्हणून त्या गृहस्थांनी मध्ये पानांची फांदी धरली, आणि गालावर काळोखापासून लख्ख उजेडापर्यंतच्या कितीतरी छटा उमटल्या.

‘राशोमोन’विषयी बोलताना लोक सूर्यावर रोखलेल्या कॅमेऱ्याचे, त्या काळी निषिद्ध मानलेल्या धाडसाचे कौतुक करतात, मला चेहऱ्यांवरच्या पानांच्या सावल्या अधिक मोठ्या वाटतात. मियागावा लहानपणी शाईचित्रे शिकले होते आणि १९२६ मध्ये निक्कात्सू या चित्रपटसंस्थेच्या क्योतोतील स्टुडिओत प्रयोगशाळेच्या कामापासून त्यांनी सुरुवात केली होती. दिग्दर्शक मिझोगुचींसाठी सतत क्रेनवर फिरणारा कॅमेरा आणि १९५९ मध्ये दिग्दर्शक ओझूंसाठी जागचा न हलणारा कॅमेरा, दोन्ही त्यांनीच सांभाळले, आणि १९६० मध्ये दिग्दर्शक इचिकावांच्या चित्रपटासाठी फिल्मवरची चांदी धुऊन न काढता रंग फिके केले.

तिसरा शॉट संपता संपता ऊन डोंगराआड गेले. आरसे घोंगडीत गुंडाळताना माझी मनगटे थरथरत होती.