नस जोडताना

15 ऑक्टोबर 2025 ला गडचिरोलीत माओवादी नेता भूपतीने 60 साथीदारांसह मुख्यमंत्र्यांपुढे शस्त्रं खाली ठेवली. ते फोटो पाहताना मला काही वर्षांपूर्वीचा माझा एक पेशंट आठवत राहिला. नाव सांगत नाही.

पंधराव्या वर्षी तो दलममध्ये, म्हणजे माओवाद्यांच्या सशस्त्र तुकडीत, गेला होता. तिथल्याच मुलीशी लग्न करायचं म्हटल्यावर पार्टीने परवानगी दिली, पण अट घातली: आधी नसबंदी. लेकरू आलं की दलमची चाल मंदावते. जंगलात, ताडपत्रीखाली ते काम उरकलं, तेव्हा तो 21 वर्षांचा होता. पुढे राज्याच्या आत्मसमर्पण योजनेतून दोघंही बाहेर आली. अशा जोडप्यांपैकी काहींना मूल हवं असतं, म्हणून कापलेली नस पुन्हा जोडायची शस्त्रक्रिया होते. तो माझ्याकडे आला त्यासाठीच. नसबंदीला अकरा वर्षं झाली होती. जितकी वर्षं जास्त, तितकी आशा कमी, हे मी दोघांना आधीच स्पष्ट सांगितलं होतं. बायको म्हणाली, "करून तर पाहा, सर."

आदल्या रात्री सिस्टरने मला बोलावून दाखवलं. चपला पायात ठेवूनच तो झोपला होता, पिशवी छातीशी. दोन वाजता उठून दाराशी उभा राहिला; त्याच्या सेंट्रीची वेळ तीच असायची. सिस्टर माडिया, म्हणजे तिथल्या आदिवासींची भाषा, बोलणारी. तिने त्याला काही सांगितलं, तेव्हा तो परत येऊन पडला. चपला मात्र काढल्या नाहीत.

ऑगस्टचा धो धो पाऊस. पाठीतून भूल दिलेली, त्यामुळे तो जागा होता. सूक्ष्मदर्शकाखाली नसेचं वरचं आणि खालचं टोक शोधायचं, मधला व्रण कापायचा आणि केसाहून बारीक नायलॉनने टाके घालायचे. त्याआधी एक तपासणी असते. अंडकोशाकडच्या टोकातून येणारा द्रव काचेवर घेऊन पाहायचा. उजवीकडे काहीच दिसलं नाही. मी गप्प झालो, तोही समजला असावा.

डावीकडे थेंब पुष्कळ पातळ होता. काच ठेवली, फोकस फिरवला आणि शुक्राणू दिसले. त्यातले काही वळवळत होते. ही शस्त्रक्रिया मला नवी नव्हती, तरी माझा हात थांबला. "आहेत का?" त्याने पडद्यापलीकडून विचारलं.

"आहेत."

मग तीन तास कोणी बोललं नाही. उजवी बाजूही जोडली, प्रयत्न सोडायचा नाही म्हणून.

सुट्टी देताना मी म्हटलं, महिनाभर ओझं उचलायचं नाही आणि तीन महिन्यांनी तपासणीला यायचं. त्याने बोटांवर महिने मोजले, बायकोकडे पाहिलं.

"तेव्हा सासऱ्यांचा धान कापायचा असेल, साहेब. आठ दिवस उशिरा आलो तर चालंल?"