ग्रेट ओशन रोड: बसने जावे की मुलाच्या गाडीने?

तुम्ही विचारलंत म्हणून लिहिते आहे, आणि तुमच्याआधीही अनेकांनी विचारले आहे म्हणून जरा सविस्तर लिहिते आहे. मेलबर्नमधल्या मराठी घरांत आई-वडील भारतातून यायचे ठरले की व्हिसा, विमा आणि औषधांची चिठ्ठी यांच्या पाठोपाठ हा प्रश्न येतोच: ग्रेट ओशन रोड हा समुद्राकाठचा रस्ता पाहायला गाइडसह एका दिवसाची बसची सहल घ्यावी, की मुलाला किंवा जावयाला रजा काढायला लावून घरच्या गाडीने जावे? विचारणाऱ्यांपैकी बहुतेकांनी उत्तर मनात ठरवलेले असते. घरची गाडी दाराशी असताना बसला पैसे कशाला घालायचे, हे ते उत्तर. माझे मत उलटे आहे. पहिल्या खेपेला बसनेच जावे, आणि जमले तर मुलाचेही तिकीट काढून त्याला शेजारी बसवावे.

कारण सरळ आहे. लोक 'ट्वेल्व्ह अपॉसल्स' या समुद्रातल्या सुळक्यांचे फोटो पाहून जायचे ठरवतात, पण त्या दिवसभरात पाहण्यासारखी खरी गोष्ट म्हणजे तो रस्ता आहे, आणि गाडी चालवणाऱ्याच्या वाट्याला त्यातले नेमके डांबर तेवढे येते. टॉर्कीपासून वॉर्नंबूलजवळच्या अॅलन्सफर्डपर्यंत सुमारे 240 किलोमीटरचा हा रस्ता बऱ्याच ठिकाणी कड्याच्या कुशीतून जातो. एका बाजूला कापलेला खडक, दुसऱ्या बाजूला खाली समुद्र, दोन्ही दिशांना एकेकच मार्गिका, आणि पुढचे वळण आल्याशिवाय दिसत नाही. अशा रस्त्यावर मागच्या सीटवरून 'अरे, बघ बघ' अशी हाक आली तरी चालवणाऱ्याने बघायचे नसते. परदेशी पाहुणे उजव्या बाजूने गाडी चालवू लागतात म्हणून डाव्या बाजूने चालवा असे सांगणाऱ्या पाट्या लावलेल्या आहेत आणि रस्त्यावर बाणही रंगवलेले आहेत. त्या पाट्या आपल्या मुलांसाठी नाहीत हे खरे, पण समोरून येणाऱ्याने त्या वाचल्या आहेत की नाहीत ही काळजी त्यांनाच करावी लागते. दिवसभर ती काळजी करून रात्री परतलेला मुलगा 'छान झाली ट्रिप' म्हणतो, पण त्याने काय पाहिले ते एकदा विचारून पाहा.

बसचा चालक हाच बहुधा गाइडही असतो. कानाला माइक लावून तो गाडी चालवता चालवता बोलत असतो, आणि त्याच्या बोलण्यामुळे रस्त्याला अर्थ येतो. पहिल्या महायुद्धातून परतलेल्या सैनिकांना काम मिळावे आणि मेलेल्या सोबत्यांचे स्मारक व्हावे, या दुहेरी हेतूने 1919 मध्ये या रस्त्याचे काम सुरू झाले. सुमारे तीन हजार माजी सैनिक कुदळी, फावडी, घोड्यांच्या गाड्या आणि सुरुंगाची दारू घेऊन तेरा वर्षे हा डोंगर कापत होते; 1932 च्या नोव्हेंबरमध्ये रस्ता रीतसर खुला झाला. जगातले सर्वांत मोठे युद्धस्मारक असे याला म्हणतात ते त्यामुळेच. ज्याने पैसा उभा करण्यापासून सगळी खटपट केली तो जिलाँगचा हॉवर्ड हिचकॉक उद्घाटनाच्या काही महिने आधी वारला, तेव्हा त्या दिवशीच्या मिरवणुकीत गव्हर्नरच्या गाडीमागून त्याची गाडी नेण्यात आली. ईस्टर्न व्ह्यू येथे लाकडी कमान लागते, तेथे सगळ्या बसगाड्या थांबतात आणि सगळे प्रवासी घाईघाईने फोटो काढतात. या दोन गोष्टी आधी ऐकलेल्या असल्या तर ती कमान नुसती फोटोपुरती राहत नाही.

आणखी एक कथा चालक मोठ्या चवीने सांगतात. 1924 मध्ये 'कसिनो' नावाची आगबोट केप पॅटनजवळ खडकाला अडकली आणि हलकी करण्यासाठी तिच्यावरून बिअरची पाचशे पिंपे आणि मद्याच्या सव्वाशेच्या आसपास पेट्या समुद्रात सोडाव्या लागल्या. त्या किनाऱ्याला लागल्या, आणि मग रस्त्याचे काम सुमारे दोन आठवडे बंद होते म्हणतात. सुरुवातीला या रस्त्यावर टोल होता. 1936 मध्ये रस्ता राज्य सरकारकडे आला आणि टोल बंद झाला. हे वाक्य ऐकताना बसमधल्या मराठी मंडळींच्या चेहऱ्यावर जे भाव येतात, ते मला सुळक्यांइतकेच प्रेक्षणीय वाटतात.

आता बसायचे कोठे ते सांगते, कारण यात खरोखर फरक पडतो. मेलबर्नहून टॉर्की, लॉर्न, अपॉलो बे अशा क्रमाने जाणाऱ्या बसमध्ये समुद्र डाव्या हाताला येतो, आणि येथे वाहने डावीकडूनच चालत असल्यामुळे तुमची बस पाण्याच्या बाजूच्या मार्गिकेत असते. तेव्हा डावीकडची खिडकी धरावी. काही सहली उलट्या क्रमाने निघतात, म्हणजे सकाळी आतल्या हमरस्त्याने आधी सुळके गाठतात आणि किनाऱ्याने परततात. त्यांत हाच समुद्र उजवीकडे येतो. ज्यांना आंबा घाटात गाडी लागते त्यांनी मात्र खिडकीचा हट्ट सोडून पुढच्या रांगा पकडाव्यात आणि गोळी अपॉलो बेला जेवणाच्या आधीच घ्यावी. आपल्याकडे बहुतेकांचा समज असतो की रस्ता शेवटपर्यंत समुद्राकाठाने जातो. तसे नाही. अपॉलो बेनंतर तो समुद्र सोडून ऑटवेच्या डोंगरातल्या दाट जंगलात शिरतो, आणि पोट ढवळणारी वळणे खरी तेथे आहेत. याच जंगलात 'मेट्स रेस्ट' येथे अर्ध्या तासाची पायवाट आहे, तिच्यावर माणसापेक्षा उंच नेचे आणि शेवाळलेले प्रचंड बुंधे पाहायला मिळतात. ज्या सहलीत हा थांबा आहे तिला मी इतर काही न पाहता अधिक गुण देते.

त्याआधी केनेट रिव्हर नावाचे छोटेसे गाव लागते. तेथे निलगिरीच्या झाडांवर कोआला असतात, पण आई-वडिलांना ते पहिल्या पाच मिनिटांत दिसत नाहीत, कारण ते खाली शोधतात. मान पूर्ण मागे टाकून, फांदी जेथे दुभंगते त्या बेचक्यात राखाडी गाठोडे दिसते का ते पाहायचे. दिवसाचे वीसेक तास झोपणारा हा प्राणी हलेल अशी वाट पाहू नये. एखाद्याने कान खाजवला तरी सगळी बस धन्य होते. तेथले लाल डोक्याचे किंग पॅरट सरळ माणसाच्या खांद्यावर येऊन बसतात. त्यांना पिशवीतला चिवडा घालण्याचा मोह होतो, तो आवरावा. तळलेले आणि खारवलेले त्यांना बाधते.

जेवण बहुधा अपॉलो बेला असते आणि ते तिकिटात धरलेले आहे की नाही हे आधी वाचावे. धरलेले नसेल तर बरेच, कारण तेथे बेकऱ्या आहेत, मासे-चिप्सची दुकाने आहेत आणि समोर हिरवळीवर बाक आहेत. कटाक्षाने शाकाहारी असणाऱ्यांनी चिप्स वेगळ्या तेलात तळतात का ते विचारून घ्यावे. बरेचदा तेल एकच असते. घरून थेपले किंवा पोळी-भाजीची गुंडाळी नेणे सर्वांत निर्धास्त, फक्त चालत्या बसमध्ये डबा उघडू नये. तो नियमही असतो आणि बंद काचांत लसणाच्या चटणीचा वास आपल्याला वाटतो तितका सगळ्यांना प्रिय नसतो.

सुळक्यांविषयी थोडक्यात. ते बारा नाहीत आणि नोंदीत कधी बारा नव्हतेही. नऊ होते, त्यातला एक 2005 च्या जुलैमध्ये कोसळला आणि आठ उरले, तेही सगळे एका जागेवरून दिसत नाहीत. चुनखडकाच्या कड्याला लाटा खालून पोखरतात, गुहा होते, गुहेची कमान होते, कमानीचे छत पडते आणि बाहेरचा खांब एकटा राहतो. हा सगळा क्रम या किनाऱ्यावर शेजारी शेजारी वेगवेगळ्या पायऱ्यांवर पाहता येतो. जवळच 'लंडन ब्रिज' नावाची दुहेरी कमान होती. 1990 च्या जानेवारीत तिचा जमिनीकडचा भाग पडला आणि टोकाशी उभे असलेले दोन पर्यटक समुद्रात अडकले, त्यांना हेलिकॉप्टरने सोडवावे लागले. येथून सरळ दक्षिणेला निघाले तर मध्ये जमीन लागत नाही, थेट अंटार्क्टिकाच, आणि वारा तिकडूनच येत असल्यामुळे जानेवारीतही अंगावर जाकीट हवे. त्याच जानेवारीत वारा पडला तर माश्या तोंडाभोवती घोंगावतात, तेव्हा रुमालही हवा. दोन्ही एकाच दुपारी लागतात.

मला विचाराल तर ट्वेल्व्ह अपॉसल्सपेक्षा तेथून काही मिनिटांवरचा 'लॉक आर्ड गॉर्ज' हा भाग अधिक वेळ देण्यासारखा आहे. दोन उंच पिवळ्या कड्यांच्या अरुंद फटीतून समुद्र आत येतो आणि आत वाळूचा छोटा किनारा आहे. 1 जून 1878 च्या पहाटे इंग्लंडहून मेलबर्नला निघालेले 'लॉक आर्ड' हे जहाज, प्रवास संपत आला असताना, येथल्या बेटावर आपटून फुटले. जहाजावर 54 माणसे होती आणि दोनच वाचली, टॉम पियर्स हा शिकाऊ खलाशी आणि ईव्हा कारमायकेल ही प्रवासी मुलगी, दोघेही विशीच्या आतले. तो आधी किनाऱ्याला लागला होता. तिच्या हाका ऐकून पुन्हा पाण्यात गेला, तिला ओढून आणले, गुहेत ठेवले आणि कडा चढून मदत शोधायला निघाला. त्या दोघांनी लग्न करावे अशी तेव्हाच्या वृत्तपत्रांची फार इच्छा होती, पण ईव्हा आयर्लंडला परत गेली. जिने उतरून वाळूवर गेले आणि मागे वळून कड्याकडे पाहिले की तो मुलगा ओल्या कपड्यांनिशी कोठून चढला असेल हा प्रश्न प्रत्येकाला पडतो. गुडघे दुखणाऱ्यांनी खाली न उतरता वरच्या कठड्यावरून पाहिले तरी फटीचा आकार नीट कळतो. गिब्सन स्टेप्स येथे मात्र कड्यातून किनाऱ्यावर जाणाऱ्या 86 पायऱ्या आहेत, आणि उतरलेल्या पायऱ्या चढाव्याही लागतात हे लक्षात ठेवावे.

बसची खरी उणीव येथेच जाणवते. लॉक आर्ड गॉर्जला एखादी सहल वीस मिनिटे देते आणि तेवढ्यात स्वच्छतागृहाची रांगही उरकायची असते. म्हणून तिकीट काढताना 'किती ठिकाणे' याकडे पाहू नका, प्रत्येक ठिकाणी उतरून किती वेळ मिळतो ते विचारा. थांब्यांची यादी जितकी लांब तितका दिवस तुकड्यातुकड्यांचा होतो. पन्नास आसनी बसपेक्षा वीस-पंचवीस आसनी लहान बस मला अधिक पसंत आहे. ती थोडी महाग पडते, पण पन्नास माणसे एका दाराने उतरायला आणि पुन्हा मोजून चढायला प्रत्येक वेळी जो वेळ जातो तो वाचतो. उलट्या क्रमाच्या सहलीचा फायदा असा की ती सुळक्यांपाशी दुपारच्या गर्दीआधी पोहोचते. तोटा असा की चालकाच्या कथा शेवटून पुढे ऐकाव्या लागतात आणि किनाऱ्याचा उत्तम भाग जेवणानंतरच्या झापडीत येतो. मी स्वतः सरळ क्रम निवडते.

परतीचा प्रवास कोलॅकवरून आतल्या रस्त्याने होतो. कुरणे आणि गायी यांपलीकडे त्यात पाहण्यासारखे काही नाही, आणि तीनेक तासांच्या त्या टप्प्यात सगळी बस झोपलेली असते. सकाळी सात-साडेसातला निघालेली सहल शहरात रात्री आठच्या आसपास सोडते. तुमचे घर दूरच्या उपनगरात असेल तर, विशेषतः रविवारी, इतक्या सकाळी पोहोचवणारी लोकल मिळते का हे आधी पाहून ठेवा. दिवसाचा बेत ठरवताना ऋतूही बघा, कारण येथे जूनमध्ये सूर्य सव्वापाचच्या सुमारास मावळतो आणि परतीचा सगळा रस्ता अंधारात जातो. ऑक्टोबर ते मार्च या काळात उजेड भरपूर मिळतो, फक्त डिसेंबर-जानेवारीतल्या शाळांच्या सुट्टीत जागा फार आधी भरतात.

घरच्या गाडीला माझा विरोध नाही. पाच जणांचे कुटुंब असेल, सोबत तान्हे मूल असेल, किंवा कोणाला दर तासाला उतरावे लागत असेल तर बसचे वेळापत्रक जाचक होते आणि पाच तिकिटांच्या पैशांत मुक्कामाचा खर्च निघतो. तसे असेल तर एका दिवसाचा हट्ट सोडा, सुळक्यांजवळच्या पोर्ट कॅम्पबेल गावात एक रात्र राहा, आणि संध्याकाळी पाचनंतर, म्हणजे मेलबर्नच्या बसगाड्या परतीला लागल्यावर, सुळक्यांकडे जा. उन्हाळ्यात तेथे पावणेनऊपर्यंत ऊन असते, आणि ते जे लाल-सोनेरी फोटो तुम्ही पाहिले आहेत ते त्या वेळचे आहेत. दिवसाच्या बसने गेलात तर उन्हाळ्यात तो रंग मिळणार नाही, हे तिकीट काढण्याआधीच घरातल्या सगळ्यांना सांगून टाका.