दिवेलागणीची वेळ

बुधवार, रात्री साडेअकरा

आई आत्ता कुठे झोपली. आज संध्याकाळी पुन्हा तेच. सहा वाजले, अंगणातलं ऊन उतरलं, आणि ती पदर नीट करून दाराशी जाऊन उभी राहिली. "चल गं, घरी जाऊ. अंधार पडेल." हेच आपलं घर आहे, असं सांगून उपयोग नसतो हे मला कळतं, तरी रोज तोंडातून निघतंच.

दुपारी तिचा डोळा लागला की मी फ्रेंच दिग्दर्शिका ॲन्येस वार्दाचे चित्रपट बघते. आवाज बारीक ठेवून, एक कान तिच्या खोलीकडे लावून. एकेका चित्रपटाला आठवडा लागतो. या आठवड्यात 'दागेरोतीप' संपवला. १९७५ चा माहितीपट. वार्दा पॅरिसमधल्या दागेर रस्त्यावर राहायची. मुलगा लहान, त्याला सोडून लांब जाता येईना. म्हणून तिने घरातल्या विजेलाच वायर जोडली आणि ती वायर पोचेल तेवढ्याच अंतरातले दुकानदार चित्रित केले. पाववाला, खाटीक, शिंपी, न्हावी. हे वाचलं तेव्हा पोटात काहीतरी हललं. माझी वायर म्हणजे आईची हाक. कोपऱ्यावरच्या वाण्यापर्यंत ऐकू येते, त्यापुढे नाही.

चित्रपटात त्या रस्त्यावर अत्तरं, बटणं, असलं काहीबाही विकणारं एक जुनं दुकान आहे. म्हातारा आणि त्याची बायको. बायकोची स्मृती विरत चालली आहे. ती फारसं बोलत नाही. संध्याकाळ झाली की दाराकडे जाते, बाहेर पडायला निघाल्यासारखी काचेपाशी थांबते. नवरा समजूतदार आहे, थकलेलाही. वार्दा तिला काही विचारत नाही. आजाराचं नाव नाही, डॉक्टर नाही, करुण संगीत नाही. कॅमेरा फक्त तिच्याबरोबर थांबतो. मी तो भाग तीनदा मागे नेऊन पाहिला. आईच्या आत काय चाललं असेल, हा प्रश्न दोन वर्षं मी डॉक्टरांना, पुस्तकांना, बहिणीला विचारत आले. तिच्या शेजारी नुसतं उभं राहावं, हे मला सुचलं नव्हतं.

मग लक्षात येत गेलं की वार्दा हे आधीपासूनच करत आली आहे. 'क्लेओ' १९६२ चा. तरुण गायिका, कॅन्सरच्या तपासणीचा निकाल यायचाय, आणि तोवरचा दीडेक तास. पहिल्या अर्ध्यात सगळे तिला बघतात: आरसे, टोप्यांच्या दुकानातल्या काचा, प्रियकर. मग एक गाणं म्हणता म्हणता ती कोसळते, केसांचा टोप उपटून टाकते, काळा पोशाख चढवते आणि एकटी रस्त्यावर येते. तिथून पुढे ती बघू लागते. कॅफेत ती स्वतःचीच रेकॉर्ड लावते आणि कोणी मान वळवून ऐकतंय का ते पाहत टेबलांमधून फिरते. कोणीही ऐकत नसतं. भीती, अहंकार, एकटेपण, सगळं त्या फिरण्यात आहे. तिथे एखादं लांबलचक स्वगत असतं तर मी ते विसरले असते.

तिच्या 'ल बोनर' या चित्रपटाबद्दल लिहायचं धाडस आज नाही. सूर्यफुलं, मोझार्ट, आणि एका बाईच्या जागी अलगद बसवलेली दुसरी. दोन दिवस जेवण गेलं नव्हतं.

पण १९८५ च्या 'व्हॅगाबाँड'मधली मोना! व्हेनिसच्या महोत्सवात सुवर्णसिंह पुरस्कार मिळालेला चित्रपट. दक्षिण फ्रान्समधला हिवाळा, आणि चरात गारठून मेलेली एक भटकी मुलगी. मोना झालेली साँद्रीन बोनेर तेव्हा जेमतेम सतरा-अठरा वर्षांची असेल. मोना घर सोडून का निघाली, हे वार्दा अखेरपर्यंत सांगत नाही. वाटेत भेटलेले लोक तिच्याबद्दल बोलतात आणि प्रत्येकाच्या बोलण्यात तो स्वतःच जास्त दिसतो. द्राक्षमळ्यातला एक ट्युनिशियन मजूर मात्र काहीच बोलत नाही. तिचा लाल रुमाल नाकाशी धरतो, हुंगतो, आणि कॅमेऱ्याकडे बघतो. सगळ्या साक्षींत मला त्याचीच खरी वाटते.

आईबद्दल मी काय काय सांगत सुटते! ती अशी होती, तशी होती, शाळेत गणित शिकवायची, कुणाचं ऐकायची नाही. ऐकणाऱ्याला यातून माझीच ओळख होत असणार.

म्हणून आज संध्याकाळी, "हेच घर" म्हणून झाल्यावरही ती हलेना, तेव्हा मी तिचा हात ओढला नाही. दार उघडलं. चपला घातल्या नाहीत, उंबरठ्याच्या आतच दोघी उभ्या राहिलो. समोरच्या गच्चीवर कुणीतरी वाळत घातलेले कपडे काढत होतं. आईने ते शेवटच्या कपड्यापर्यंत पाहिलं. पंधरा मिनिटं तरी झाली असतील. मग म्हणाली, "त्यांचं आवरलं," आणि आपणहून वळून स्वयंपाकघराकडे गेली.