खंडनासाठी दीड मिनिट

सुवर्णमहोत्सवी अंकात आठवणी पुष्कळ येतील. या शाळेनं वादविवादाची गोडी लावली आणि पुढे मुलांना स्पर्धेसाठी तयार करण्यातच आयुष्य गेलं. तेव्हा आताच्या आठवी-नववीच्या जोडीला उपयोगी पडेल तेवढंच लिहितो.

आपल्याकडच्या मराठी स्पर्धांत बहुधा दोघांचा संघ असतो, एक विषयाला अनुकूल, एक प्रतिकूल. दोघांच्या गुणांची बेरीज करून करंडक ठरतो. त्यामुळे एक हुकमी वक्ता आणि दुसरा नुसता भरतीचा, अशी जोडी वैयक्तिक बक्षीस आणते, करंडक घालवते. सरावात दोघांनीही दोन्ही बाजूंनी बोलून पाहावं.

वेळ ५ मिनिटं धरू. स्पष्ट मराठी बोलताना मिनिटाला साधारण ११० शब्द होतात. म्हणजे ५५० शब्द मावतात, पण तयार करावेत ४००. उरलेलं जवळजवळ दीड मिनिट खंडनाचं, म्हणजे समोरच्याचे मुद्दे खोडण्याचं. सगळे ५५० पाठ केले की ते वक्तृत्व झालं, वादविवाद नव्हे. त्याहून वाईट म्हणजे पाठ केलेलं खंडन. ‘माझे प्रतिपक्षी मित्र म्हणतात...’ म्हणायचं आणि सभागृहात तसं कुणीच म्हटलेलं नसतं! परीक्षकांच्या ते लगेच लक्षात येतं. महाविद्यालयांतल्या ‘ब्रिटिश पार्लमेंटरी’ पद्धतीत विषय फक्त १५ मिनिटं आधी कळतो, म्हणून ही लबाडी तिथे चालतच नाही.

खंडन कानांनी होतं. कागद उभा दुमडावा. डावीकडे समोरच्याचा मुद्दा चार शब्दांत, उजवीकडे उत्तर. पूर्ण वाक्य लिहीत बसलात तर पुढचा मुद्दा निसटतो. नंतर त्यातले दोनच निवडावेत, आणि ते सर्वांत भक्कम असावेत. कच्चा मुद्दा तर ऐकणाऱ्यांनीच खोडलेला असतो.

समजा, विषय ‘शालेय परीक्षा रद्द कराव्यात’ असा आहे आणि अनुकूल वक्ता ताणाबद्दल बोलला. ‘ताण येतच नाही’ हे उत्तर फसतं, कारण समोर बसलेल्या प्रत्येकानं परीक्षा दिलेली असते. ताण मान्य करावा आणि विचारावं, तो परीक्षेचा आहे की एकाच परीक्षेवर वर्ष ठरण्याचा? दुसरं असेल तर परीक्षा वाढवाव्या लागतील, रद्द नव्हे. त्याचाच मुद्दा आपल्या बाजूला येतो.

बोलण्याचा क्रम चिठ्ठीनं ठरतो. पहिल्या क्रमांकाला खोडायला काहीच नसतं. त्यानं ते दीड मिनिट व्याख्येला द्यावं, म्हणजे ‘परीक्षा’ कोणत्या, ‘रद्द’ कुठवर. पंधराव्या क्रमांकाची अडचण उलटी, त्याचे मुद्दे आधीच बोलून झालेले असतात. म्हणून सहा मुद्दे तयार ठेवावेत, आधीच्यांनी वापरलेले कागदावर खोडत जावेत, उरलेल्यांतले तीन बोलावेत.

इशाऱ्याची घंटा झाली की नवा मुद्दा काढू नये. अर्धवट वाक्य पुरं करावं, आपली बाजू एका वाक्यात सांगावी आणि शेवटच्या घंटेआधी खाली बसावं. शेवटी म्हणायची चारोळी राहून गेली तरी चालेल, तिचे गुण नसतात.