मानशीची चालती प्रतिकृती: दारं बसली, भरती सुरू

मागच्या नोंदीपर्यंत नुसता बांधाचा सांगाडा उभा होता. आता मानशीला, म्हणजे बांधातल्या पाण्याच्या झडपेला, दारं बसली आहेत आणि टाकीत भरती-ओहोटी सुरू झाली आहे. नव्याने येणाऱ्यांसाठी एवढंच सांगतो: काचेच्या टाकीत गोव्यातल्या खाजन शेतीचा, म्हणजे खाऱ्या नदीकाठी बांध घालून राखलेल्या शेतजमिनीचा, एक तुकडा करतोय. एका बाजूला नदी, मध्ये बांध, बांधात मानस, आत शेत आणि पाणी खेळवणारी पोंय, म्हणजे मानशीमागचा पाण्याचा खोलगट भाग. प्रमाण १:२०. कपाटात ठेवायची शोभेची वस्तू नको, पाण्यावर चालली पाहिजे, हा हट्ट.

सगळा खेळ दाराचा आहे. ओहोटीला नदी उतरली की आतलं पाणी दार ढकलून बाहेर पडतं. भरती चढली की नदीच ते दार लोटून बंद करते आणि खारं पाणी बाहेर राहतं. माणूस नको, मोटर नको. माझ्या मानशीला दोन फाळकी आहेत, चिऱ्याच्या खांबांत खुंटीवर फिरणारी. लाकूड माट्टीचंच हवं होतं. गोव्याचा राज्यवृक्ष म्हणून आता तो पाठ्यपुस्तकात गेला, पण मानशीची दारं त्याचीच करत आले, कारण खाऱ्या पाण्यात तो टिकतो. तुकडा मागायला गेलो तेव्हा म्हाताऱ्या सुतारांनी माझं रेखाचित्र बघितलं आणि पहिलंच वाक्य टाकलं, “दार पुराय उगडूंक दिवचें न्हय.” म्हणजे दार पूर्ण उघडू द्यायचं नाही.

त्यांचं म्हणणं टाकीत लगेच दिसतं. फाळकं भिंतीला चिकटेपर्यंत उघडलं तर चढत्या पाण्याला त्याच्या मागे शिरायला फटच उरत नाही. पाणी सरळ आत घुसतं आणि दार भिंतीला तसंच चिकटून राहतं. म्हणून खांबाला एक ठोकळा ठोकायचा, म्हणजे फाळकं तिरकंच थांबतं. बोटाच्या पेरापेक्षा लहान लाकूड, पण अख्खं शेत त्याच्यावर. बंद झाल्यावर दोन्ही फाळकी सरळ रेषेत येत नाहीत, नदीच्या दिशेने किंचित टोक काढून एकमेकांवर रेलतात. भरती जितकी जोरात, तितकी मिठी घट्ट. खाली उंबरा आहे, त्यावर दाराची कड टेकते.

बांधासाठी चिखल खाजनातलाच आणला. नुसत्या चिखलाचा बांध वाळला की आकसतो आणि त्याला आडव्या भेगा जातात. त्यात भाताचं गवत थराथराने घातलं की भेग पडते, पण पार जात नाही, गवतापाशी अडते. खऱ्या बांधात गवत आणि बांबू असतात, नदीच्या अंगाला चिरे. मी चिऱ्याचे तुकडे कानशीने घासून लावतोय. कंटाळवाणं काम आहे, त्याबद्दल जास्त लिहीत नाही.

भरतीचं गणित मात्र लिहितो, कारण पाण्यावरची प्रतिकृती करणाऱ्याला ते लागणारच. आपल्याकडे दिवसातून दोनदा भरती. मोठ्या भरतीला चढउतार साधारण दोन मीटरचा, म्हणजे टाकीत १० सेंटीमीटर. वेळ मात्र २० पटीने कमी करायची नाही, २० च्या वर्गमुळाने करायची, म्हणजे साडेचार पटीच्या आसपास. ओहोटीपासून भरतीपर्यंतचे सव्वासहा तास टाकीत सुमारे ८३ मिनिटांत बसतात. मत्स्यटाकीचा छोटा पंप, दोन बादल्या आणि एक टायमर पुरतो. घाई केलीत तर दार आपटून बंद होतं. खरं दार असं आपटत नाही.

नदीच्या पाण्यात मीठ आणि लाल खाण्याचा रंग घातला. दार घट्ट बसलेलं असतानाही उंबऱ्याखालून एक लाल जीभ हळूहळू आत सरकते. खारं पाणी जड, ते तळ धरून येतं. खाजनात कोरगुटासारखं खार सोसणारं भात का लावायचे, ते टाकीसमोर बसून समजतं. पहिल्या पावसाने मातीतलं मीठ धुऊन निघायचं, मग सरद, म्हणजे पावसाळी पीक. कापणीनंतर मुद्दाम खारं पाणी आत घ्यायचं. त्याने तण मरतं आणि मासळी येते.

आणि इथे माझी प्रतिकृती अपुरी पडते. दार आपोआप चालतं, पण आत कधी आणि किती पाणी ठेवायचं, हे गावाने ठरवायचं असतं. गोव्यात सुमारे १८,००० हेक्टर खाजनं. ती राखली गावकरीने, म्हणजे गावच्या सामाईक जमिनी सांभाळणाऱ्या जुन्या ग्रामसंस्थेने, पोर्तुगीज यायच्या कितीतरी आधीपासून. पोर्तुगीज अधिकारी आफोन्सो मेशियाने १५२६ साली फोराल, म्हणजे सनद, काढला, तोही या गावकारांच्या चालत आलेल्या रीतीच लिहून काढण्यासाठी. मानशीवर मासे धरायच्या हक्काची पावणी, म्हणजे लिलाव, व्हायची आणि बांधाची डागडुजीही गावच बघायचं. १९६४ चा कूळ कायदा आणि १९७६ ची दुरुस्ती आली, कसणारा जमिनीचा धनी झाला. ते व्हायलाच हवं होतं. पण बांध कुणा एका शेताचा नसतो. ती जबाबदारी कुळांच्या संघटनांकडे आली आणि काही ठिकाणी चालली, काही ठिकाणी कागदावर राहिली. सुंगटं (कोळंबी), चोणक आणि काळुंदर या मासळीला भातापेक्षा चांगला भाव. मग मासळीसाठी रात्रीत कुणीतरी मानशीचं दार उघडं ठेवतो, पिकाच्या दिवसांतच खार आत येतो, बांध फुटतो. पडीक खाजनात खारफुटी उगवली की ती तोडायलाही कायदा आडवा येतो. खारफुटीशी माझं भांडण नाही, पण शेत परत शेत होणं तिथे अवघड होऊन बसतं.

जाता जाता: फोंडा तालुक्यात कुंभारजुवे कालव्याच्या बाजूला पौष अमावास्येला चिखलाची मगर करून पुजतात, मानगे थापणी. कालव्यात खऱ्या मगरी आहेत. टाकीतही एक छोटी ठेवावी असं पोरांचं म्हणणं आहे. बांधाच्या कामानंतर बघू.

पुढचं काम आतल्या बाजूच्या फळ्यांचं. दाराच्या आत खांबांना खाचा असतात, त्यांत आडव्या फळ्या सरकवून आतल्या पाण्याची उंची धरायची. त्या हाताने काढता-घालता यायला हव्यात, म्हणजे टाकीसमोर उभा राहणारा स्वतः ठरवेल, भात की मासे. जुन्या लाकडी मानशीचा आतून काढलेला फोटो कुणाकडे असेल तर दाखवा. जवळपास मानस असेल तर ओहोटीला जाऊन खाचेची रुंदी आणि उंबऱ्याची जाडी मोजून कळवा. सोबत मोजपट्टी ठेवून फोटो काढलात तर फारच बरं.